दोन दगडांमधील अंतर : चित्रपट, मौन आणि प्रतिनिधित्व

१

चित्रपटातील दलित-आदिवासींच्या प्रतिनिधित्वाची चर्चा बहुधा मोजणीपाशी येऊन थांबते. किती चित्रपटांत दलित पात्रे आली, त्यांतली मध्यवर्ती किती, लेखक-दिग्दर्शक-नट त्या समाजांतून किती आले, असे प्रश्न विचारले जातात. हे प्रश्न गैरलागू नाहीत. ज्या व्यवसायात प्रवेशच जात, ओळख आणि भांडवल यांच्या आधारे मिळतो, तेथे डोकी मोजणे हीदेखील एक समीक्षाच असते. तथापि या मोजणीत एक महत्त्वाचा भेद झाकला जातो. ‘चित्रण’ आणि ‘प्रतिनिधित्व’ हे मराठीत दोन वेगळे शब्द आहेत. एखाद्याचे चित्रण त्याच्या अनुपस्थितीतही करता येते. किंबहुना बहुतेक वेळा ते तसेच झालेले आहे. प्रतिनिधित्वात मात्र कोण, कोणाच्या वतीने, कोणत्या अधिकाराने आणि कोणासमोर बोलतो हे ठरावे लागते. चित्रपटाच्या संदर्भात या प्रश्नाला आणखी एक पदर आहे : कोण पाहतो आणि कोणाला पाहिले जाते.

हा भेद स्पष्ट करण्यासाठी दोन चित्रपटांचे शेवट शेजारी ठेवून पाहणे उपयुक्त ठरते. श्याम बेनेगल यांचा ‘अंकुर’ (१९७४) आणि नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ (२०१३) हे दोन्ही चित्रपट एका मुलाने भिरकावलेल्या दगडाने संपतात. या दोन दगडांमध्ये सुमारे चाळीस वर्षांचे अंतर आहे. परंतु खरे अंतर काळाचे नाही, दिशेचे आहे.

२

‘अंकुर’पूर्वीच्या परंपरेचे स्वरूप थोडक्यात ध्यानात घेतले पाहिजे. ‘अछूत कन्या’मधील (१९३६) कस्तुरी रेल्वेखाली जीव देते आणि मरणोत्तर पूज्य ठरते. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’तील (१९५९) नायिका आपले रक्त देऊन पालक आईचे प्राण वाचवते आणि तेव्हा कुठे त्या आईच्या मनातील अढी सुटते. दोन्ही चित्रपटांचा हेतू निःसंशय उदार आहे. परंतु दोहोंमध्ये अस्पृश्य स्त्रीला आपले माणूसपण त्यागाने सिद्ध करावे लागते आणि त्या सिद्धतेचा निवाडा सवर्ण मनाकडे राहतो. करुणेचा हा व्यवहार एकतर्फी असतो. देणारा आणि घेणारा यांच्या जागा त्यात बदलत नाहीत.

‘अंकुर’ने ही चौकट मोडली, हे मान्यच केले पाहिजे. शोषण ही व्यक्तीच्या दुष्टपणाची बाब नसून जमिनीच्या मालकीशी आणि लैंगिक सत्तेशी निगडित व्यवस्था आहे, हे या चित्रपटाने दाखवले. अखेरीस जमीनदाराचा मुलगा सूर्या लक्ष्मीच्या नवऱ्याला फटकावतो, लक्ष्मी त्याला शिव्याशाप देते आणि हे सारे पाहणारा एक लहान मुलगा सूर्याच्या खिडकीवर दगड मारतो. काच फुटते, पडदा लाल होतो. या दगडाचे लक्ष्य सूर्या आहे. प्रेक्षक मुलाच्या बाजूला उभा आहे, आणि तेथे उभे राहण्यासाठी त्याला काहीच मोजावे लागलेले नाही. चित्रपटगृहातून बाहेर पडताना तो संतप्त असतो, पण आरोपी नसतो.

याच चित्रपटात लक्ष्मीचा नवरा किष्टय्या मुका आणि बहिरा आहे, ही गोष्ट योगायोग म्हणून सोडून देता येत नाही. गोविंद निहलानी यांच्या ‘आक्रोश’मध्ये (१९८०) हेच मौन रचनेचे केंद्र बनते. बायकोच्या खुनाचा आरोप असलेला आदिवासी लहान्या भिकू आपल्या वकिलाशीही बोलत नाही. विजय तेंडुलकरांच्या पटकथेत या मौनाला पक्के वास्तव कारण आहे : बोलून न्याय मिळणार नाही आणि मागे उरलेले घरही उद्ध्वस्त होईल, हे भिकू जाणतो. तरीही त्या मौनाचा संरचनात्मक परिणाम तपासला पाहिजे. भिकू बोलत नसल्यामुळे चित्रपट भास्कर कुलकर्णी या तरुण वकिलाचा होतो. सत्याचा शोध त्याचा, अस्वस्थता त्याची, जागृतीही त्याचीच. भिकूच्या वाट्याला येते ती शेवटची किंकाळी. सरकारी वकील दुसाने हा स्वतः आदिवासी समाजातून वर आलेला आहे, आणि तोच भिकूविरुद्ध खटला चालवतो. मोजणीच्या हिशेबात ‘आक्रोश’मध्ये आदिवासींना पुरेसे स्थान आहे. एक कोठडीत आहे, एक न्यायालयात उभा आहे. पण एकाला वाणी नाही आणि दुसऱ्याला आपल्या वाणीचा हक्काने वापर करता येत नाही. प्रतिनिधित्वाची याहून नेमकी शोकांतिका क्वचितच मांडली गेली असेल. चित्रपटाला तिची जाण आहे. मात्र त्याची स्वतःची कथनपद्धतीही त्याच शोकांतिकेचा भाग आहे.

३

‘आक्रोश’ पडद्यावर आला त्याच वर्षी, म्हणजे १९८० साली, लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ प्रकाशित झाले. त्याआधी बाबूराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ (१९६३) हा कथासंग्रह आणि दया पवारांचे ‘बलुतं’ (१९७८) यांनी मराठी गद्याची भाषा आणि नैतिक भूगोल दोन्ही बदलले होते. ‘उपरा’ने कैकाडी समाजातल्या माणसाला प्रथमपुरुषी निवेदक केले. म्हणजे कागदावर जो माणूस ‘मी’ म्हणून बोलू लागला होता, त्याचा सगोत्र पडद्यावर मुका होता.

या विसंगतीचे स्पष्टीकरण दिग्दर्शकांच्या मनोवृत्तीत शोधणे अपुरे ठरेल. ते माध्यमाच्या अर्थव्यवहारात आहे. आत्मकथनाला लेखणी, कागद आणि एखादा धाडसी प्रकाशक पुरतो. लघुनियतकालिकांच्या चळवळीने तर चक्रमुद्रित पानांवरही वाङ्मय उभे केले. चित्रपटाला निर्माता, यंत्रसामग्री, तंत्रज्ञ, वितरक आणि चित्रपटगृह लागते, आणि या प्रत्येक टप्प्यावर कोणाचा तरी होकार लागतो. लेखणी हाती येणे आणि कॅमेरा हाती येणे यांत म्हणूनच एका पिढीहून अधिक काळ गेला. ‘उपरा’पासून ‘फँड्री’पर्यंत तेहतीस वर्षे लागली.

४

‘फँड्री’तील जब्या याच कैकाडी समाजातला आहे. चित्रपटाचे नाव कैकाडी भाषेतील असून त्याचा अर्थ डुक्कर असा आहे. बहुसंख्य मराठी प्रेक्षकांना हा शब्द ठाऊक नव्हता; त्याचा अर्थ त्यांना विचारावा लागला. वरवर किरकोळ वाटणारी ही बाब महत्त्वाची आहे. एरवी काठावरच्या बोलीने प्रमाण भाषेपुढे स्वतःचा अर्थ सांगत उभे राहायचे असते. मराठी चित्रपटात ती बोली बहुधा हशा पिकवण्यासाठी किंवा अडाणीपणाची खूण म्हणून वापरली जात आली. येथे जब्याच्या घरात कैकाडी बोलली जाते ती ना विनोदासाठी, ना रंगतीसाठी. ती घरातली भाषा आहे म्हणून. अर्थ समजून घेण्याचे ओझे प्रथमच प्रेक्षकाकडे सरकते.

डुक्कर पकडण्याच्या दीर्घ प्रसंगात पाहण्याचे हे राजकारण उघड होते. शाळेच्या परिसरात जब्याचे कुटुंब डुकरामागे धावते आहे, आणि त्याच्या वर्गातील मुले, शालूसकट, तो तमाशा पाहत हसत आहेत. जब्या आडोसे शोधतो. त्याचे दुःख श्रमाचे नाही. आपण या अवस्थेत पाहिले जात आहोत, याचे आहे. मध्येच राष्ट्रगीत सुरू होते, सारे कुटुंब स्तब्ध उभे राहते आणि डुक्कर निसटते. पुढे मेलेले डुक्कर वाहून नेताना मागच्या भिंतीवर आंबेडकर आणि सावित्रीबाई यांची चित्रे दिसतात. प्रतीकांचे प्रतिनिधित्व भिंतीवर पूर्ण झालेले आहे, आणि त्या भिंतीखालून डुक्कर वाहिले जात आहे. या चौकटीवर भाष्य करणारा एकही संवाद नाही.

त्यानंतर जब्या दगड उचलतो. हिणवणाऱ्यांवर सुरू झालेला त्याचा मारा अखेर थेट कॅमेऱ्याच्या दिशेने येतो आणि तेथेच चित्रपट संपतो. ‘अंकुर’मधील दगड प्रेक्षकाच्या वतीने मारलेला होता, ‘फँड्री’तील दगड प्रेक्षकावर मारलेला आहे. इतका वेळ कुंपणावरून पाहणाऱ्या गर्दीचा राग आलेल्या प्रेक्षकाला आपणही तिकीट काढून तेच पाहत होतो, हे त्या क्षणी कळते. पाहिले जाणारा उलट पाहतो, तेव्हा चित्रणाचे रूपांतर प्रतिनिधित्वात होते.

५

येथे एक आक्षेप संभवतो. ही सारी मांडणी अखेर ‘स्वानुभूती विरुद्ध सहानुभूती’ या दलित साहित्याच्या चर्चेतील जुन्या वादाचीच पुनरावृत्ती नव्हे काय? ज्याची जात त्यानेच तिचे चित्रपट काढावेत, असा निष्कर्ष यातून निघत नाही काय?

तो निघत नाही. मंजुळे स्वतः वडार समाजातून आलेले आहेत. जब्या कैकाडी आहे. अनुभवाचे साम्य आहे, एकरूपता नाही. जन्मदाखल्यावर कलेचे प्रामाण्य ठरवणारी समीक्षा या अंतरापाशीच अडखळेल. दुसऱ्या बाजूने चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’चे (२०१४) उदाहरण घेता येते. लोकशाहीर नारायण कांबळे याच्या गाण्यामुळे एका सफाई कामगाराने आत्महत्या केली, असा खटला त्याच्यावर भरला जातो. कॅमेरा बचावाच्या वकिलाच्या, सरकारी वकिलाच्या आणि न्यायाधीशाच्या खाजगी आयुष्यात मुक्तपणे जातो, मात्र कांबळेच्या अंतरंगात शिरल्याचा दावा तो करीत नाही. मृताची विधवा साक्षीला येते तेव्हा नवऱ्याकडे सुरक्षेची साधने नव्हती आणि दुर्गंधी सहन करण्यासाठी तो दारू पीत असे, एवढेच ती शांतपणे सांगते. तिच्या अश्रूंवर कॅमेरा झेप घेत नाही. आपण कोठून पाहत आहोत हे या चित्रपटाला माहीत आहे आणि ते लपवण्याची त्याला गरज वाटत नाही. कांबळेची भूमिका आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी केली, हेही या संयमाशी सुसंगत आहे.

तेव्हा कसोटी दिग्दर्शकाच्या जातीची नाही. चित्रपट आपल्या पाहण्याची जागा उघड करतो की सर्वसाक्षी असल्याचा आव आणतो, ही ती कसोटी आहे. ‘आक्रोश’ची मर्यादा त्याच्या निर्मात्यांच्या जन्मात नव्हती, भास्करच्या नजरेलाच सत्याची नजर मानण्यात होती.

६

ही कसोटी केवळ तात्त्विक नाही, हे ‘सैराट’च्या (२०१६) पुढील प्रवासाने सिद्ध केले. करमाळ्याकडील बोली, पाटलाच्या घराचा दरारा, मासेमारी करणाऱ्या घरातला मुलगा अशा स्थानिक तपशिलांत जात मुरलेली असल्याने ‘सैराट’ला ती वेगळी सांगावी लागली नाही. त्याने उत्पन्नाचे विक्रम मोडले आणि व्यवसायाचे लक्ष वेधले. २०१८ साली ‘धडक’ या नावाने त्याची हिंदी आवृत्ती निघाली तेव्हा कथा उदयपूरला गेली, नायकाच्या घरी उपाहारगृह आले आणि जात सूचकतेच्या धुक्यात विरली. कथानक राहिले, ज्या जागेवरून ते पाहिले गेले होते ती जागा गेली. व्यवसायाला काठावरच्या कथा हव्या असतात, त्यांचा कोन मात्र नको असतो.

म्हणून पडद्यावर वैविध्य वाढले या समाधानात समीक्षेने स्वस्थ बसणे धोक्याचे आहे. चेहरे वाढतील, आडनावे वाढतील, भिंतीवरची चित्रेही वाढतील. त्यांच्याखालून काय वाहून नेले जात आहे आणि ते पाहणारा कोठे उभा आहे, हे विचारण्याचे काम मोजणी करू शकत नाही. जब्याचा दगड अजून हवेत आहे. तो आपल्या दिशेने येतो आहे, हे मान्य करण्यापासूनच प्रतिनिधित्वाची चर्चा खऱ्या अर्थाने सुरू होऊ शकते.