एका हंगामाचा गुणतक्ता

जानेवारी २०२१मध्ये ख्रिस्तियानो रोनाल्डोने ७६०वा गोल केला आणि जागतिक विक्रमाचे मथळे झळकले. त्या निमित्ताने योसेफ बित्सान हे जुने नाव पुन्हा वाचायला मिळाले. चेक फुटबॉल महासंघाने बित्सानचे ८२१ गोल मोजून विक्रम अजून त्याचाच असल्याचे सांगितले. यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो: यांतले बरेचसे गोल युद्धकाळातले, नाझींच्या अमलाखालच्या दुबळ्या लीगमधले आहेत, ते कसे धरायचे? हा आक्षेप मला महत्त्वाचा वाटतो, पण तो चुकीच्या जागी बोट ठेवतो.

१९४३-४४चा हंगाम पाहू. मार्च १९३९मध्ये स्लोव्हाकिया वेगळा झाला, दुसऱ्याच दिवशी जर्मन सैन्य प्रागमध्ये शिरले आणि बोहेमिया-मोराव्हिया ‘संरक्षित प्रदेश’ ठरला. स्लोव्हाक क्लबांची लीग वेगळी झाली. जर्मन क्लब राइखच्या स्पर्धांत गेले. उरलेल्या चेक क्लबांच्या लीगमध्ये १९४० ते १९४३ अशी सलग चार विजेतेपदे प्रागच्या स्लाविया क्लबने मिळवली. १९४३-४४मध्ये बित्सानने स्लावियासाठी तब्बल ५७ गोल केले, तरी विजेतेपद स्पार्ताकडे गेले.

लीग दुबळी होती म्हणणाऱ्यांनी एक गोष्ट लक्षात घ्यावी. युद्धामुळे इंग्लंड-जर्मनीतले खेळाडू सैन्यात गेले. संरक्षित प्रदेशातल्या चेक तरुणांना मात्र जर्मन सैन्यात भरती केले जात नव्हते. लाखो चेक माणसांना राइखमध्ये सक्तीच्या कामावर नेले गेले, हे खरे. तरीही पहिल्या फळीचे बरेच खेळाडू मैदानावर राहिले. १७ नोव्हेंबर १९३९ला चेक विद्यापीठे बंद करणाऱ्या सत्तेने फुटबॉल चालू ठेवला. कारखान्यांत राबणारी माणसे रविवारी मैदानावर ओरडून मोकळी होत असतील तर ते सत्तेच्या सोयीचेच होते, असे मी मानतो. पण त्यामुळे समोरचा गोलरक्षक खोटा ठरत नाही.

खरा प्रश्न तक्त्यात कोण नाही, हा आहे. ज्यूंना क्लबांतून आणि मैदानांतून आधीच हाकलले होते. प्रागच्या उत्तरेला सुमारे ६० किलोमीटरवरच्या तेरेझिन या जुन्या तटबंदीच्या गावात त्यांना डांबले होते, आणि तिथेही एक लीग चालत असे. बराकीच्या अंगणात, सात-सात जणांचे संघ. स्वयंपाकी, कपडाकोठार असे कामाच्या विभागांवरून नावे पडलेले. चारही बाजूंच्या कमानींतून गर्दी पाहत असे. पूर्वेकडे माणसे पाठवली जात, तेव्हा संघांतले खेळाडूही जात. १९२४च्या ऑलिंपिकमध्ये चेकोस्लोव्हाकियाकडून खेळलेला पावेल माहरर तिथे खेळला. तो वाचला.

या लीगचे चित्रण उरले आहे. १९४४च्या उन्हाळ्याच्या अखेरीस नाझींनी तेरेझिनवर प्रचारपट काढायला घेतला. दिग्दर्शनाचे काम तिथलाच कैदी, नट-दिग्दर्शक कुर्ट गेरॉन याच्यावर लादले. त्यातले फुटबॉलचे दृश्य मला सर्वांत अस्वस्थ करते, कारण त्यात खोटे वाटावे असे काही दिसत नाही. चेंडू खरा, धावणे खरे, प्रेक्षकांचा उत्साहही खरा असावा. चौकटीबाहेरची गोष्ट तेवढी वगळली आहे. चित्रीकरण संपल्यावर, सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरअखेर, ११ गाड्यांतून १८ हजारांहून अधिक माणसे आउशवित्झला पाठवली गेली. शेवटच्या गाडीत गेरॉन होता. तो तिथे मारला गेला.

प्रचारपट आणि गुणतक्ता यांना मी एका पंक्तीला बसवत नाही. एकाने फसवण्यासाठी वगळले. दुसऱ्याला विजय, पराभव आणि गोल याखेरीज नोंदवण्याची सोयच नाही. पण दोन्हींचे वाचन करणाऱ्याची जबाबदारी सारखीच आहे. बित्सानच्या ५७ गोलांपुढे तारांकन टाकले, तर आपण त्याच्या खेळावर शंका घेतो आणि ज्यांना खेळूच दिले नाही त्यांच्याबद्दल एक अक्षरही लिहीत नाही. म्हणून माझ्या मते ते गोल पूर्ण मोजावेत. त्या हंगामाचा इतिहास लिहिताना मात्र तेरेझिनच्या अंगणातले सामने तळटीपेत न ढकलता त्याच प्रकरणात सांगावेत. दोन्ही लीग एकाच देशात, एकाच सत्तेखाली चालल्या होत्या.