भोंगा थांबल्यानंतरचे शहर आणि आपले साहित्य

आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत मराठी शिकवतो. आठवीच्या वर्गाला दरवर्षी 'माझे शहर' हा निबंध असतो. सोलापूरची मुले लिहितात ते आम्हांस आता पाठ झाले आहे. सिद्धेश्वराचे तळे, भुईकोट किल्ला, गड्ड्याची जत्रा, चादर आणि चार हुतात्मे. मजकूर चुकीचा नसतो, पण तो कोणत्याही मार्गदर्शिकेत सापडतो. गेल्या वर्षी मात्र एका मुलीने वेगळेच लिहिले. तिने लिहिले की आमच्या घरात तंबाखूचा वास असतो म्हणून मी पायरीवर बसून अभ्यास करते. दादी विड्या वळते, दादा मिलमध्ये होते, आता मिल नाही. अब्बू पुण्याला असतात. बस, एवढेच चार ओळींत. शुद्धलेखनाच्या सात चुका होत्या. परंतु या शहराचा शंभर वर्षांचा इतिहास त्या चार ओळींत आला होता. तेव्हापासून एक प्रश्न आमचा पिच्छा सोडत नाही. जे आठवीतल्या मुलीला दिसले ते आपल्या साहित्याला का दिसू नये?

सोलापूर हे गिरणीने घडवलेले शहर आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात येथे 'जुनी गिरणी' उभी राहिली. मग लक्ष्मी, विष्णू, नरसिंग गिरजी, जाम मिल अशी रांग लागली. तेलंगणातून पद्मशाली विणकर आले, दुष्काळी खेड्यांतून मराठी-कन्नड शेतमजूर आले, गुन्हेगार ठरवलेल्या जमातींना ब्रिटिशांनी 'सेटलमेंट'च्या तारेमागे ठेवून गिरणीत राबवले, आणि आपले दखनी बोलणारे लोकही साचाखात्यात नि पेठांत स्थिरावले. मे १९३० मध्ये हे शहर काही दिवस इंग्रजांच्या हातातून सुटले होते. त्याची किंमत मार्शल लॉच्या रूपाने आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात चार फाशींनी वसूल झाली. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन. कुर्बान हुसेन हे 'गजनफर' नावाचे पत्र चालवत आणि गिरणी कामगारांत वावरत. आपण त्यांचे नाव अभिमानाने घेतो. पण ते ज्या कामगारांत वावरले त्या कामगारांचे पुढे काय झाले, हे आपण विचारत नाही.

पुढे काय झाले ते सर्वांस ठाऊक आहे. गिरण्या एकामागून एक बंद पडल्या. भोंगा थांबला. गिरणीच्या मोठ्या छपराखालचे काम फुटून घराघरांतल्या यंत्रमागांवर आणि विडीच्या सुपात आले. पुरुषाची कायम नोकरी गेली आणि बाईची हजार विड्यांमागची मजुरी हाच घराचा आधार झाला. अर्थशास्त्राच्या पुस्तकात यास उद्योगोत्तर शहर म्हणतात. अशा शहरांना पुन्हा जिवंत करावे, म्हणजे त्यांचे पुनरुज्जीवन करावे, अशी चर्चा जगभर चालते. शब्द मोठा आहे. पण कोणाला जिवंत करायचे? जमिनीला की माणसाला? आमच्या मते या प्रश्नाचे उत्तर नियोजनकाराइतकेच लेखकानेही द्यावयाचे असते.

अमेरिकेतील डेट्रॉइट हे या चर्चेतले नेहमीचे उदाहरण. १९५० मध्ये तेथे साडेअठरा लाख लोक होते. २०२० च्या जनगणनेत सहा लाख चाळीस हजारही उरले नाहीत. २०१३ मध्ये त्या महापालिकेने दिवाळखोरी जाहीर केली. आपल्याकडे शहरे अशी डोक्यांनी आटत नाहीत. सोलापूरची लोकसंख्या २००१ मध्ये ८.७२ लाख होती, २०११ मध्ये ९.५१ लाख झाली. म्हणजे नऊ टक्क्यांच्या आसपास वाढ, जेव्हा त्याच दशकात महाराष्ट्राची वाढ सोळा टक्के होती. शहर उभे राहते; त्यातला कमावता तरुण तेवढा पुण्याच्या गाडीत बसतो. हे आटणे जनगणनेत पुरते दिसत नाही. ते दिसायला कथा लागते.

डेट्रॉइटच्याच पोटात हॅमट्रॅमिक नावाचे छोटे शहर आहे. पोलिश कामगारांनी वसवलेले. तेथील डॉज मोटारींचा प्रचंड कारखाना १९८० मध्ये बंद पडला आणि शहर ओस पडू लागले. त्या रिकाम्या घरांत येमेनी आणि बांगलादेशी कुटुंबे येऊन राहिली. त्यांनी दुकाने उघडली, छपरे दुरुस्त केली, मशिदी बांधल्या, नगरपरिषदेच्या निवडणुका लढवल्या. २०१० मध्ये २२,४२३ असलेली वस्ती २०२० मध्ये २८,४३३ झाली. आम्ही हे उदाहरण 'पाहा आपले लोक' अशी छाती फुगवण्यासाठी देत नाही. तेथेही गरिबी आहे, जुन्या-नव्यांचे वाद आहेत. मुद्दा एवढाच की शहर जिवंत केले ते तेथे राहावयास आलेल्या साध्या कामकरी माणसांनी. विकासकाचा आराखडा त्यानंतरची गोष्ट.

आता आपल्या मराठी साहित्याकडे वळू. गिरणी म्हटले की मराठी समीक्षेला लालबाग-परळ आठवते. ते स्वाभाविक आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात अडीच लाख कामगार उतरले आणि त्यांपैकी बहुतेकांना परतायला गिरणीच उरली नाही. या पडझडीचे सर्वांत प्रामाणिक मराठी नाटक म्हणजे जयंत पवार यांचे 'अधांतर' (१९९७). धुरी कुटुंबातला एक मुलगा लेखक होऊ पाहतो, एक क्रिकेटमध्ये हरवला आहे, एक टोळीच्या वाटेला लागला आहे. आणि आई हे सगळे एका खोलीत सांभाळते. पवारांचा मोठेपणा हा की त्यांनी कामगाराला देव केले नाही. संप बरोबर की चूक याचा निवाडाही दिला नाही. काम गेल्यावर घरातल्या बोलण्याचा सूर कसा बिघडतो, हे त्यांनी ऐकवले. २०१० मध्ये यावरून 'लालबाग परळ' हा चित्रपट निघाला. तेथे हा सूर हरवला आणि गोळीबाराचा आवाज वाढला, असे आमचे मत आहे.

'अधांतर'मध्ये मुसलमान विणकर नाही, अशी तक्रार आम्ही करणार नाही. एका खोलीच्या नाटकात सगळे शहर बसवता येत नाही. आमची तक्रार समीक्षेबद्दल आहे. तिने त्या एका खोलीलाच सगळे गिरणगाव मानले. मुंबईच्या साचाखात्यात मोमीन विणकर पिढ्यान्‌पिढ्या होते. मदनपुरा त्यांनी वसवला. याच साचाखात्यात दलित कामगारांना प्रवेश नव्हता, कारण धोट्याचा धागा तोंडाने ओढावा लागे आणि 'विटाळ' आडवा येई. डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न गिरणी संपाच्या काळातच पुढे आणला होता. म्हणजे गिरणीतही जातीच्या भिंती होत्या. त्या भिंतींच्या दोन्ही बाजूंची गोष्ट सांगितल्याशिवाय गिरणीची गोष्ट पुरी होत नाही.

नारायण सुर्वे यांनी ही भिंत ओलांडली. त्यांच्या 'शीगवाला' कवितेतला दाऊद चाचा मराठी वाचक विसरू शकत नाही. सुर्व्यांच्या माणुसकीबद्दल आम्हांस शंका नाही. तरीही एक निरीक्षण नोंदवावेसे वाटते. मराठी साहित्यात मुसलमान बहुधा 'चाचा' होऊन येतो. तो कबाब विकतो, शहाणपणाचे दोन शब्द बोलतो, दंग्यात जखमी होतो. त्याच्या पगाराची चिठ्ठी, त्याच्या जॉबरशी झालेला तंटा, त्याच्या बदलीच्या दिवसांचा हिशेब कोणी पाहत नाही. चाचा होणे हा मान आहे, पण पाहुण्याचा मान. कामगार होणे म्हणजे घरचा असणे.

घरचा असण्याचे उदाहरण आपल्यापाशी आहे. बार्शीचे मेहबूब हुसेन पटेल, म्हणजेच शाहीर अमर शेख (१९१६-१९६९). अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गव्हाणकर यांच्यासह १९४४ मध्ये त्यांनी लालबावटा कलापथक उभारले. त्यांनी डफावर थाप मारली तेव्हा श्रोत्यांतील कोणी त्यांना 'मुस्लिम कवी' म्हणून ऐकले नाही. कामगारांचे सगळे दुःख त्यांचे होते, म्हणून भाषाही सगळी त्यांची झाली. आम्हांस वाटते की मुस्लिम मराठी लेखकांचा वारसा शोधायचा तर तो येथून सुरू व्हावा.

आणि आपण? पहिले अखिल भारतीय मुस्लिम मराठी साहित्य संमेलन १९९० मध्ये सोलापुरात, एका गिरणीच्या शहरात भरले. फक्रुद्दीन बेन्नूर सर याच शहरात शिकवत. मुसलमान हा एकसंध ढीग नसून जाती-व्यवसायांत, प्रदेशांत विभागलेला माणूस आहे, हे त्यांचे सांगणे होते. त्यानंतरच्या आपल्या लेखनाने तलाक, बुरखा, दंगल, ओळख हे विषय घेतले. घेणे भागच होते, कारण बाहेरून प्रश्न तेच विचारले जात होते. पण सतत उत्तरे देत राहिल्याने आपण स्वतःचे प्रश्न विचारायला विसरलो. आपल्या कथांतल्या घरात नमाज असते, ईद असते. विडीचे सूप क्वचित असते. कारखानदार पाने खराब म्हणून विड्या नाकारतो तेव्हा त्या बाईचा दिवस कसा मोडतो, याची कथा आपण लिहिली पाहिजे होती. जी दादी आपल्या घरात बसून विड्या वळत होती तिला आपण ना अफसाना दिला, ना कथा. उर्दूने तिला आपले म्हटले नाही कारण ती दखनी बोलते; मराठीने नाही कारण ती मुसलमान आहे; आणि आम्ही शिकलेसवरले लोक तिच्या तंबाखूच्या वासाला लाजलो. हा दोष प्रथम आमच्या पदरात घ्यावा लागेल.

म्हणूनच पुनरुज्जीवनाचे आराखडे आपण नीट वाचू शकत नाही. वास्तविक आराखडा हीदेखील एक गोष्टच असते. तिला नायक असतो, आणि काही पात्रे गाळलेली असतात. मुंबईच्या गिरण्यांच्या जमिनीसाठी १९९१ च्या नियमाने तीन वाटे सांगितले होते: एक मोकळ्या जागेला, एक सार्वजनिक घरांना, एक मालकाला. २००१ मध्ये दुरुस्ती झाली आणि वाटणी फक्त रिकाम्या जमिनीपुरती उरली. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती ग्राह्य धरली. एका दुरुस्तीने गोष्टीतली पात्रे बदलली. घरांसाठी अर्ज करणारे कामगार आणि वारस दीड लाखांहून अधिक निघाले, आणि वर्षानुवर्षे सोडतीची वाट पाहत राहिले.

सोलापूरची गोष्ट पाहा. जानेवारी २०१६ मध्ये 'स्मार्ट सिटी'च्या पहिल्या वीस शहरांत सोलापूरचे नाव आले. जून २०२३ मध्ये विमानांना अडथळा होतो म्हणून सिद्धेश्वर साखर कारखान्याची चिमणी पाडली गेली, आणि २०२५ मध्ये विमानसेवा सुरू झाली. विमान यावे, आमचा विरोध नाही. परंतु शहराच्या उत्कर्षाची खूण म्हणून एकेकाळी चिमणी उभारली जाई आणि आता ती पाडली जाते, यात एका युगाचा फरक आहे. तो कोणा कथाकाराने टिपू नये?

याच शहरात दुसरी गोष्टही घडली. कुंभारी येथे विडी कामगार बायांच्या संघटित लढ्यातून गोदूताई परुळेकर वसाहतीची दहा हजार घरे उभी राहिली. २००६ मध्ये ती ताब्यात आली. पुढे तेथेच असंघटित कामगारांसाठी तीस हजार घरांची रे नगर योजना आली आणि जानेवारी २०२४ मध्ये त्यांतील पंधरा हजार घरांचे वाटप झाले. या घरांत सगळ्या जातींच्या, धर्मांच्या बाया आहेत. घर झाले म्हणजे सर्व झाले असे नाही. रोजगार, शाळा, येण्याजाण्याची सोय हे प्रश्न शिल्लक राहतात. पण येथे आराखड्याचा नायक माणूस होता. बाईने रांगेत उभे राहून, मोर्चात चालून, हप्ते भरून ती पाने लिहिली. हॅमट्रॅमिकची आणि कुंभारीची गोष्ट येथे एक होते.

कोणी म्हणेल, साहित्याने शहर जिवंत होत नाही, कारखाना लागतो. मान्य. परंतु ज्याची नोंदच नाही त्याच्यासाठी कारखाना कोण काढेल? घराच्या सोडतीत १ जानेवारी १९८२ नंतर गिरणीत कामावर असल्याचा पुरावा मागतात. कागद नसेल तर माणूस नव्हता असे ठरते. साहित्य हाही एक पुरावाच आहे. तो आपण वेळेत तयार केला नाही, तर उद्या या शहरात आपण कधी राबलोच नव्हतो असे सांगणे सोपे जाईल.

यंदा आम्ही निबंधाचा विषय बदलला आहे. 'माझे शहर' ऐवजी 'माझ्या घरातले काम'. मुलांना सांगितले आहे की घरच्या थोरांना विचारा: कोणत्या खात्यात होता, पहिला पगार किती, शेवटचा भोंगा कधी ऐकला. दखनी शब्द आले तर येऊ द्या, आम्ही खोडणार नाही. आपल्या लेखकांनाही आमची विनंती एवढीच आहे. दादी अजून पायरीवर बसली आहे, तोवर जाऊन विचारावे.