यादीत नसलेल्या भाषेचा प्रश्न

काही वर्षांपूर्वी प्रथम वर्षाच्या वर्गात मी 'बोली आणि प्रमाणभाषा' हा घटक शिकवीत होतो. मुलं बोलती व्हावीत म्हणून सोपा प्रश्न टाकला. तुमच्या घरी पाण्याला काय म्हणतात? बहुतेकांनी 'पानी' सांगितलं. एका कोरकू मुलीनं 'डा' म्हटलं. मागच्या बाकावरचा एक मुलगा गप्पच राहिला. तास संपल्यावर तो व्हरांड्यात आला आणि हळूच म्हणाला, "जोप्पो." मी म्हणालो, "अरे, कोरकूत तर 'डा' म्हणतात ना?" तो म्हणाला, "सर, आमी कोरकू नाई. आमची बोली वायली हाये."

मी हसलो आणि वहीत त्याच्या नावापुढं 'कोरकू' असंच लिहिलं.

ही चूक मी आज जाहीर करतो, कारण ती एकट्या माझी नाही. मी सालदाराचा मुलगा. आमच्या घरात पदवीपर्यंत पोचलेला मी पहिलाच. शाळेत मी 'मले' म्हटलं की गुरुजी छडी उगारीत आणि 'मला' म्हणायला लावीत. तो अपमान पोटात घेऊन मी मराठीचा प्राध्यापक झालो, आणि वर्गात समोर आलेल्या पोराला सांगितलं की तुझी भाषा तू म्हणतोस ती नाही, मी म्हणतो ती आहे. छडी तेवढी नव्हती. दलित साहित्यानं आम्हाला आमच्या भाषेची लाज टाकून द्यायला शिकवलं. दुसऱ्याच्या भाषेचं नाव त्यालाच विचारावं, हे मात्र आम्ही अजून शिकायचे आहोत.

त्या मुलाच्या भाषेचं नाव निहाली. बोलणारे स्वतःला 'कालटो' म्हणतात आणि आपल्या बोलण्याला 'कालटो मंडी'. बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, जळगाव जामोदच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याशी सोनबर्डी, कुवरदेव, चालठाणा अशा गावांत ही माणसं राहतात. अभ्यासक बोलणाऱ्यांची संख्या दोन ते अडीच हजार धरतात. आपल्या जिल्ह्याचं पाणी दोन दिशांना जातं. दक्षिणेची पैनगंगा वर्धा-गोदावरीकडून बंगालच्या उपसागराला मिळते. उत्तरेचे सातपुड्यातले ओढे, नाले, वाण यांचं पाणी पूर्णेत उतरतं आणि पूर्णा चांगदेवला तापीत मिळून अरबी समुद्राकडे जाते. पूर्णेच्या काळ्या जमिनीवर कापूस पिकला, बाजार भरले, शाळा-कॉलेजं निघाली. ज्या डोंगरातून ते पाणी आलं तिथली माणसं मात्र त्या काळ्या जमिनीवर मजूर म्हणूनच उतरली. नदीकाठी कोण आणि डोंगरात कोण, हा भूगोलाचा प्रश्न दिसतो. तो समाजरचनेचाही आहे.

आता ग्रंथांकडे वळू. 1881 च्या वऱ्हाडच्या जनगणनेचा अहवाल लिहिणारा किट्स हा अधिकारी सांगतो की कोरकू मेळघाटात आले तेव्हा तिथं निहाल आधीपासून होते. हळूहळू त्यांची सत्ता गेली आणि ते कोरकूंच्या गावचे गडी झाले. रसेल आणि हिरालाल यांच्या 1916 च्या ग्रंथात ही हकीकत उद्धृत आहे. त्याच ग्रंथात निहाल हे बहुधा भिल्ल आणि कोरकू यांचं मिश्रण असावेत असंही म्हटलं आहे. जुन्या कागदपत्रांत 'नाहल, भिल्ल, कोळी' हा शब्दसमूह डोंगरातून येणाऱ्या लुटारूंसाठी वापरीत, अशीही नोंद आहे. म्हणजे जमीन गेली, मग गडीपण आलं, आणि शेवटी पोथीत नाव चढलं ते 'मिश्रण' आणि 'लुटारू' म्हणून. आपल्यापैकी प्रत्येकाला हा क्रम ओळखीचा वाटेल. आधी माणसाला गावाबाहेर काढायचं आणि नंतर तो गावाबाहेर का राहतो याची कथा रचायची.

भाषेच्या बाबतीतही हेच झालं. ग्रिअर्सनच्या भाषासर्वेक्षणाच्या चौथ्या खंडात, 1906 साली, निहालीची नोंद मुंडा भाषांबरोबर झाली आणि तिला सरमिसळ बोली ठरवण्यात आलं. पुढं 1940 साली रॉबर्ट शेफर यांनी ती वेगळ्या मुळाची असावी असा विचार मांडला. 1962 साली डच पंडित कायपर यांनी 'नहाली' नावाचा तौलनिक अभ्यास अॅमस्टरडॅमहून प्रसिद्ध केला. त्यांच्या मांडणीनुसार सुमारे चतुर्थांश शब्दांचं नातं भारतातल्या कोणत्याच भाषेशी जुळत नाही. आर्य नाही, द्राविड नाही, मुंडा नाही. जळगाव जामोदच्या डोंगरात, आपल्या एस.टी.च्या टप्प्यात, जगात जिचं कुणीच सोयरं सापडलेलं नाही अशी एक भाषा जिवंत आहे. हे आम्हाला आमच्या एकाही पाठ्यपुस्तकानं सांगितलं नाही.

कायपर यांच्या कामाबद्दल आदर ठेवूनच एक आक्षेप घेतला पाहिजे. ही भाषा मुळात गुप्त बोली, म्हणजे चोरट्यांची सांकेतिक बोली असण्याची शक्यता त्यांनी चर्चेत आणली. ती पुढं अनेकांच्या लेखनात फिरत राहिली. भाषाशास्त्राच्या दृष्टीनं ही शंका विचारता येते, पण ती कोणाविषयी विचारली जाते हेही पाहिलं पाहिजे. 1871 च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं या देशात अख्ख्या जमातीच्या जमाती जन्मजात चोर ठरवल्या. त्या हवेत लिहिलेल्या कागदांत 'लुटारू' हा शब्द एकदा आला की त्यांच्या भाषेलाही तो चिकटतो. भटक्या-विमुक्तांच्या पारुशीबद्दल हेच बोललं गेलं. बैलबाजारात दलाल रुमालाखाली बोटं धरून सौदा ठरवतात. ती भाषाही गुप्तच असते, शेतकऱ्याला कळू नये म्हणूनच असते. तिला मात्र व्यापाराची रीत म्हणतात. दुबळ्यानं शिपायापुढं आणि सावकारापुढं आपसात चार शब्द वेगळे बोलले की ती चोरांची भाषा होते!

शिवाय सांकेतिक बोली बहुधा भोवतालच्या भाषेच्या सांगाड्यावर उभी राहते आणि झाकायचे तेवढे शब्द बदलते. पाणी, डोळा, विस्तव, मी, तू असे रोजच्या जगण्याचे मूळ शब्दच जिथं वेगळे आहेत, तिथं संकेताचा तर्क फार ताणता येत नाही. आशा मुंडले यांचा निहाली शब्दसंग्रह 1996 साली प्रसिद्ध झाला आणि के. एस. नागराज यांचं निहालीवरचं पुस्तक 2014 साली म्हैसूरच्या भारतीय भाषा संस्थेनं काढलं. या कामांनी निहालीला स्वतंत्र भाषा म्हणूनच उभं केलं आहे. पण ही पुस्तकं इंग्रजीत आहेत. ज्यांची भाषा त्यांच्या घरात ती पोचलेली नाहीत.

निहालीतले आकडे पाहण्यासारखे आहेत. बिडुम, इरार, मोथो, नालो. एक, दोन, तीन, चार. त्यांतही दोन ते चार द्राविडी वळणाचे आहेत. पाचापासून पुढं मराठी-हिंदी मोजणी सुरू होते. पंडित याला उसनवारी म्हणतात. ती आहेच. मला मात्र दुसराही प्रश्न पडतो. पाचाच्या पुढचा हिशेब या माणसांना कुणाबरोबर करावा लागला? कूप घेणारा ठेकेदार, बाजारातला दुकानदार, मजुरीची हजेरी मांडणारा मुकादम. ज्याच्या हातात वही, त्याच्या भाषेत आकडा. हे अनुमान आहे, पुरावा नव्हे. पण शब्दांची उसनवारी मोजताना कोण कोणाचा देणेकरी होता हे विचारायला हरकत नसावी.

मग शासन काय करतं? महाराष्ट्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत निहाल हे नाव आहे, पण ते 'कोरकू, बोपची, मौआसी, निहाल, नाहुल, बोंधी, बोंडेया' अशा एकाच नोंदीत. 1961 च्या जनगणनेनं देशात 1,652 मातृभाषांची नोंद केली. 1971 पासून दहा हजारांहून कमी लोक बोलतात त्या भाषा स्वतंत्रपणे छापणं बंद झालं आणि त्या 'इतर' या रकान्यात गेल्या. दोन-अडीच हजारांची निहाली या नियमानं कधीच दिसणार नाही. प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळावं म्हणून संविधानात 1956 साली 350-क हे कलम आलं. पण जी भाषा जनगणनेत छापलीच जात नाही, तिची सोय करा म्हणून कोण कोणाला सांगणार?

बाबासाहेबांनी 1955 साली भाषावार राज्यांवर लिहिताना इशारा दिला होता की एका भाषेच्या राज्यातही बहुसंख्य जातीची सत्ता लहान समाजांवर बसू शकते. आपण तो इशारा जातीपुरता वाचला. 1960 साली मराठी राज्य झालं, आणि त्या राज्यातली ही इतकी लहान भाषा कोणत्या जमातीच्या पायाशी आणि मराठीच्या कितव्या पायरीवर पडली आहे, हे पाहायचं राहून गेलं.

इथं एक अवघड गोष्ट बोललीच पाहिजे. निहाल माणूस घरात निहाली बोलतो, कोरकूंशी कोरकू बोलतो, बाजारात मराठी-हिंदी बोलतो. कोरकू माणूस निहाली शिकत नाही. दोघंही आदिवासी, दोघंही नाडलेले, पण शब्द एकाच दिशेनं वाहतात. हे आपल्याकडेच आहे असं नाही. दक्षिण अमेरिकेत पश्चिम अॅमेझॉनच्या जंगलात, कोलंबिया आणि ब्राझील यांच्या सीमेवर वाउपेस नदी आहे. तिच्या काठच्या तुकानो आणि त्यांच्या सोयऱ्या लोकांत स्वतःच्याच भाषेच्या घरात लग्न करीत नाहीत. बापाची भाषा ती आपली, आईची वेगळी. म्हणून पोरांना दोन-चार भाषा सहज येतात. जगातले अभ्यासक या बहुभाषिकतेचं कौतुक करतात आणि ते रास्तच आहे. पण त्याच नद्यांच्या मधल्या रानात हुप लोक राहतात. ते तुकानोंची कामं करतात, शिकार आणि रानमेवा देऊन कसावा घेतात. त्यांना तुकानो भाषा येते, तुकानोंना त्यांची येत नाही. त्यांच्याशी सोयरीकही होत नाही. 'माकू' हे त्यांना लावलेलं नाव शिवीसारखं आहे. 2002 साली तिथल्या साओ गाब्रिएल दा काशोएरा या नगरपालिकेनं पोर्तुगीजबरोबर तीन आदिवासी भाषांना राजमान्यता दिली: न्हेंगातू, तुकानो आणि बानिवा. ही मोठी लढाई होती आणि ती जिंकली गेली. पण त्या तिघांत हुप नव्हती.

हे वाचताना मला सातपुडा दिसला. नदीकाठच्यांनी आपली भाषा राजदरबारी नेली, रानातले रानातच राहिले. शोषितांच्याही उतरंडी असतात हे जातिव्यवस्थेनं आपल्याला पुरेपूर शिकवलं आहे. म्हणून कोरकूंवर बोट ठेवून आपली सुटका होणार नाही. आपल्या साहित्याकडेच पाहा. दलित आत्मकथनांनी वस्तीची बोली छापील पानावर आणली आणि मराठीचं सोवळं मोडलं. वाहरू सोनवणे यांच्या 'गोधड'नं 1987 साली भिलोरी कविता पुस्तकात आणली. पण बोली मराठीच्या जवळची असली तर तिला मराठीच्या घरात ओसरी तरी मिळते. निहालीला ओसरीही नाही, कारण ती मराठीची बोली नाहीच. आपण 'आदिवासी साहित्य' म्हणतो तेव्हा बहुधा मराठीत लिहिलेलं साहित्य म्हणतो, आणि मराठीत न मावणारा आदिवासी आपल्या व्याख्येतून गळतो.

त्या मुलाला मी पुढं विचारलं, तेव्हा वर्गात का बोलला नाहीस? तो म्हणाला, दाखल्यात कोरकूच्या ओळीत नाव आहे; उद्या पडताळणीत बोली विचारली तर घोळ नको. यादीत निहाल हा शब्द स्पष्ट आहे, कायद्यानं त्याला भ्यायचं कारण नाही, हे मी त्याला समजावलं. पण त्याचं भय खोटं नव्हतं. पडताळणीत बोली, देव, चालीरीती विचारतात हे त्यानं ऐकलं होतं. ज्या यादीनं त्याला शिष्यवृत्ती दिली, तिच्याच धाकानं त्याला आपल्या भाषेबद्दल गप्प बसवलं. दुसऱ्या वर्षी तो परीक्षेला आला नाही. कामाला गेला असं कळलं. त्याची भाषा मी शिकलो नाही. तो मात्र माझी शिकून गेला.

शिक्षक, विद्यार्थी, कार्यकर्ते यांना मला काही साध्या गोष्टी सांगायच्या आहेत. शाळेच्या आणि कॉलेजच्या प्रवेशाच्या वेळी मातृभाषा मुलाला विचारा आणि तो सांगेल तीच लिहा. जनगणनेचा प्रगणक दारात येईल तेव्हा भाषेच्या रकान्यात निहालीच लिहिली जाते का, ते वस्तीवर जाऊन पाहा. छापा वा छापू नका, नोंद तरी होऊ द्या. जळगाव जामोद आणि संग्रामपूर तालुक्यांतल्या आश्रमशाळांत निहाल मुलांनी आपल्या आजीकडून शब्द, गोष्टी, रानातल्या झाडांची नावं देवनागरीत लिहून काढावीत. लिपी नाही ही सबब आता पुरे. त्या वह्या त्यांच्याच गावात राहाव्यात, आमच्यासारख्यांच्या कपाटात नव्हे. आणि भाषेचे अभ्यासक तिथं गेले तर पुस्तक निघाल्यावर त्याची मराठी प्रत वस्तीला परत द्यावी.

माझी ती वही अजून माझ्याजवळ आहे. त्यातला 'कोरकू' हा शब्द मी खोडला आणि शेजारी 'निहाली' लिहिलं. एवढ्यानं काही होत नाही हे मला माहीत आहे. यादी त्याच्याकडून दुरुस्त व्हायची होती, आणि तो आता वर्गात नाही.