भुईगुळीला एकच रकाना का?

दोन वर्षांपूर्वी मुलुंडच्या एका शाळेतील विज्ञान प्रदर्शनात आम्ही परीक्षक म्हणून गेलो होतो. तेथे 'परिसरातील उपयुक्त व उपद्रवी वनस्पती' असा एक तक्ता मांडला होता. नववीतील एका मुलीने मैदानावर सापडलेली भुईगुळी वाळवून दोन्ही रकान्यांत चिकटवली होती. एकीकडे लिहिले होते, 'मुळांवरील गाठींमुळे जमीन सुपीक'; दुसरीकडे, 'घोड्यांना विषारी'. सहपरीक्षकांनी गुण कापले. वर्गीकरण म्हटले की एक वस्तू एकाच गटात जायला हवी, असे त्यांचे म्हणणे. आम्हाला मात्र दोष तक्त्यातच दिसतो.

भुईगुळी (इंडिगोफेरा लिन्नाय) ही निळीच्या कुळातील, जमिनीलगत पसरणारी शेंगावर्गीय वनस्पती. पावसाळ्यात आणि त्यानंतर उपनगरांतल्या मोकळ्या, मुरमाड जागांवर शोधली तर सापडते. पुष्कळदा तिला सराटा समजले जाते. पण सराट्याची फुले पिवळी व पर्णिका समोरासमोर असतात. भुईगुळीची फुले लहान, लालसर आणि पर्णिका एकाआड एक. दुसरे काही धड उगवत नाही अशा उतारावर ती माती धरून ठेवते. मुळावरची गाठ ब्लेडने कापली आणि आत गुलाबी दिसली, तर नायट्रोजन स्थिरीकरण चालू आहे असे समजावे. हा रंग लेगहिमोग्लोबिनचा. तिच्या हेंडेकाफिला या भगिनी-जातीची तर सिलोनच्या चहामळ्यांत आच्छादन म्हणून मुद्दाम लागवड होत असे. तीच पुढे चाऱ्यासाठी फ्लॉरिडात नेली गेली, जनावरांना बाधली आणि तणांत जमा झाली.

आता दुसरा रकाना. ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या अंतर्भागात घोड्यांना एक रोग होई. घोडा खंगे, अडखळे, मागचे खूर फरफटत चाले. बर्ड्सव्हिल या गावावरून त्या रोगाला नाव पडले, आणि 1952 च्या सुमारास त्याचे कारण भुईगुळी असल्याचे दाखवले गेले. 1968 मध्ये हेगार्टी व पाउंड यांनी भगिनी-जातीतून इंडोस्पिसिन हे अमिनो आम्ल वेगळे केले. भुईगुळीतही ते असते. त्याची रचना आर्जिनिनसारखी असल्याने शरीराची फसगत होते आणि यकृतातील प्रथिननिर्मिती बिघडते. मज्जासंस्थेच्या लक्षणांमागे याच कुळातील नायट्रोप्रोपिऑनिक आम्ल असावे, असाही संशय आहे. इंडोस्पिसिन मांसात टिकून राहते. 1980 च्या दशकात असे घोड्याचे मांस खाऊन कुत्री यकृत निकामी होऊन मेली. गंमत म्हणजे यावर उपयोगी पडलेल्या गोष्टींत शेंगदाण्याची पेंड आहे, कारण तीत आर्जिनिन भरपूर. शेंगावर्गीयाच्या विषावर शेंगावर्गीयाचाच उतारा!

जमीन सुपीक करणारा नायट्रोजनच या विषाचेही भांडवल आहे. गाठींतल्या जिवाणूंमुळे या वनस्पतींना नायट्रोजनची ददात नसते, आणि त्यांतील काही जाती तो खर्चून प्रथिनांत न येणारी अमिनो आम्ले बनवतात. ती खाणाऱ्याला बाधतात. तक्त्यातली मधली रेघ नेमकी हाच संबंध तोडते.

'आपल्याकडे कोणता घोडा मेला?' असे एका सहपरीक्षकांनी विचारले. प्रश्न रास्त आहे. वाळवंटात थोड्या पावसानंतर भुईगुळीच आधी हिरवी होते, आणि घोडे काही आठवडे जवळजवळ तेवढीच खातात. बोरिवलीत पावसाळ्यात गवत मुबलक. तोंडात आलीच तर चार घास. शिवाय गायी-म्हशींच्या कोठीपोटातील सूक्ष्मजीव इंडोस्पिसिनचे बऱ्याच अंशी विघटन करतात. विषाचे प्रमाण जागा आणि हंगाम यांनुसार बदलते ते वेगळेच. विदर्भातल्या लाखेच्या डाळीचेही असेच. तिच्यातले विषही एक अमिनो आम्लच. दुष्काळात महिनोन्‌महिने मुख्य अन्न म्हणून ती खाल्ली तर पाय लुळे पडतात. एरवी कधीमधी खाणाऱ्याला सहसा काही होत नाही. 1961 मध्ये केंद्र शासनाने तिच्या विक्रीवर बंदी आणली, तेव्हाही 'किती आणि कशासोबत' हा प्रश्न मागेच पडला.

असे तक्ते लावायचेच असतील, तर रकाने प्रश्नांचे करावेत: कोणाला? किती खाल्ल्यावर? सोबत दुसरे काय? वर्गात भुईगुळी आणण्यास हरकत नाही. मुळासकट उपटावी, गाठी कापून पाहाव्यात आणि मुलांना हात धुवायला लावावेत. गुंजेच्या बिया मात्र मुलांच्या हाती देऊ नयेत. तीही शेंगावर्गीयच, पण तिच्या बाबतीत प्रमाणाची चर्चा करण्याइतकी सवड मिळत नाही.

त्या दिवशी हे सारे आम्हाला माहीत होते. गुणपत्रिकेवर सही करताना आम्ही काही बोललो नाही.