जनुकांचा सातबारा

पेणकर आणि रोहेकर ही आडनावे ऐकली की रायगड जिल्ह्यातल्या माणसाला गाव कळते. धर्म कळतोच असे नाही. ही आडनावे बेने इस्रायल समाजातही आहेत. कोकणच्या या मराठीभाषक ज्यूंनी दिवेकर, किहीमकर, नवगावकर, झिराडकर अशी शंभराहून अधिक गावांची नावे आपल्या आडनावांत जपली. तेलाचे घाणे हा त्यांचा जुना व्यवसाय. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून शेजारपाजारचे त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत. हे लोक इथे केव्हा आले, याचे लेखी पुराव्याने उत्तर देता येत नाही. अठराव्या शतकाआधीचे त्यांच्या इतिहासाचे पान जवळजवळ कोरे आहे. २०१६ साली त्या पानावर संगणकाच्या मदतीने काही आकडे लिहिले गेले. ते कसे लिहिले गेले आणि कसे वाचले गेले, याची तपासणी मला इथे करायची आहे.

येदाएल वाल्डमन, अर्जुन बिद्दंडा, एलोन कायनन आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा हा शोधनिबंध ‘प्लॉस वन’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. १८ बेने इस्रायल व्यक्तींचे जनुकीय नमुने त्यांनी वाचले. अन्य ज्यू, भारतीय आणि पाकिस्तानी अशा ४१ समूहांतल्या ४८६ व्यक्तींच्या माहितीशी, शिवाय जगातल्या इतर समूहांशी, ते ताडून पाहिले. निष्कर्ष थोडक्यात असा: बेने इस्रायल जनुकीयदृष्ट्या आसपासच्या भारतीय समूहांसारखे आहेत, तरी त्यांच्यापासून स्पष्ट वेगळेही आहेत. त्यांच्यात ज्यू आणि भारतीय असे दोन्ही वारसे मोठ्या प्रमाणात आहेत. हा संकर १९ ते ३३ पिढ्यांपूर्वी झाला. त्यात ज्यू वारसा पुरुषांकडून अधिक आला आणि स्थानिक वारसा स्त्रियांकडून. पुढे समाजाची संख्या आक्रसली आणि विवाह आपसातच होत राहिले.

पिढ्यांचा आकडा कुठून आला, हे समजून घेतल्याशिवाय त्याची पारख करता येणार नाही. आपल्याकडच्या भातखाचरांचे उदाहरण घेऊ. एका घराण्याची सलग जमीन दर पिढीला वाटली जाते आणि तुकडे लहान होत जातात. जुने कागद हरवले असले तरी आजच्या तुकड्यांच्या आकारावरून किती वाटण्या झाल्या असतील, याचा अंदाज बांधता येतो. गुणसूत्रांचे तसेच आहे. दोन समूहांतल्या स्त्री-पुरुषांच्या अपत्यात एक गुणसूत्र सबंध इकडचे आणि एक सबंध तिकडचे असते. पुढच्या प्रत्येक पिढीत गुणसूत्रे तुटून एकमेकांशी जोडली जातात. इकडचे आणि तिकडचे तुकडे बारीक होत जातात. हे अंतर सेंटीमॉर्गनमध्ये मोजतात. शंभर वेळा वारसा पुढे गेला तर सरासरी एकदा तुटण्याइतके अंतर म्हणजे एक सेंटीमॉर्गन. एकाच पूर्वजाकडून आलेल्या शेजारच्या खुणांचा परस्परसंबंध किती अंतरावर विरतो, ते संगणक पाहतो. तो ५ सेंटीमॉर्गनच्या आसपास विरत असेल तर साधारण १९ पिढ्या निघतात, ३ च्या आसपास विरत असेल तर ३३.

ही पद्धत मला पटते. शंका सुरू होतात त्या पुढच्या वाचनापाशी. पहिली शंका वर्षांची. एक पिढी २५ वर्षांची धरली तर संकराचा काळ इ. स. ११९० ते १५४० च्या दरम्यान येतो. ३० वर्षांची धरली तर १०२५ ते १४४५. पाच वर्षांच्या एका गृहीतकाने शतक-दीड शतक सरकते. दुसरी शंका अधिक मूलभूत आहे. अशी कालगणना सोपी व्हावी म्हणून संकर एका टप्प्यात झाला असे धरले जाते. जमिनीची वाटणी चालू असताना मध्येच कोणी शेजारचे सलग शेत विकत घेतले, तर वाटण्या कमी झाल्या असे वाटेल. त्याचप्रमाणे संकर दोनतीन शतके थोडा थोडा चालू असेल, तर संगणकाचे उत्तर अलीकडच्या काळाकडे झुकते.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची, आणि चर्चेत ती हमखास निसटते. हा आकडा संकराचा आहे, आगमनाचा नाही. नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटले आणि सात पुरुष व सात स्त्रिया वाचल्या, ही समाजाची परंपरागत कथा. हाईम सॅम्युएल केहिमकर यांनी १८९७ साली पूर्ण केलेल्या आणि १९३७ मध्ये तेल अवीवहून छापल्या गेलेल्या इतिहासात हे आगमन इ. स. पूर्व १७५ च्या सुमाराचे मानले आहे. ते लोक तेव्हाच आले आणि हजार-बाराशे वर्षे आपसातच विवाह करत राहिले, असे असेल तर १९ ते ३३ पिढ्यांचा आकडा त्याला विरोध करत नाही. ते बाराव्या शतकात आले आणि लगेच इथे मिसळले, याच्याशीही तो जुळतो. ‘बेने इस्रायल हजार वर्षांपूर्वी आले’ असे त्यावरून म्हणणे म्हणजे फेरफाराच्या तारखेला घर बांधल्याची तारीख समजणे.

कथेतल्या सात जोडप्यांना मात्र या निबंधाने प्रश्न विचारला आहे. स्त्रीला दोन एक्स गुणसूत्रे असतात, पुरुषाला एक. म्हणून समाजातल्या एकूण एक्सपैकी दोन तृतीयांश स्त्रियांकडे असतात. एक्सवर स्थानिक वारसा इतर गुणसूत्रांपेक्षा जास्त दिसला, तर स्थानिक पूर्वजांत स्त्रिया अधिक होत्या असा अर्थ होतो. कथेत बाहेरून आलेल्या सात माता आहेत. आकड्यांत कोकणातल्या माता आहेत. चौदा जणांचा आकडा चित्पावनांच्या उत्पत्तिकथेतही येतो. किनाऱ्यावर वाहून आलेली ती चौदा प्रेते परशुरामाने जिवंत केली, अशी ती कथा. त्यामुळे सात जोडप्यांना मी या किनाऱ्यावरचे कथाबीज मानतो, शिरगणती मानत नाही.

इथे शास्त्राबाहेरचे बरेच काही पणाला लागते. ज्यू धर्मशास्त्रात वंश आईकडून धरला जातो. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला इस्रायलच्या मुख्य धर्मपीठाने बेने इस्रायल व्यक्तींच्या विवाहाआधी त्यांच्या पूर्वजांची चौकशी करण्याचे निर्देश दिले. समाजाने निदर्शने केली. ऑगस्ट १९६४ मध्ये तिथल्या संसदेने ते सर्व अर्थांनी ज्यू असल्याचे जाहीर केले. त्यासाठी कोणाचे रक्त तपासावे लागले नाही. महाराष्ट्र सरकारने जून २०१६ मध्ये ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला, त्यासाठीही लागले नाही. तरी त्याच वर्षीचा हा निबंध बातम्यांत ‘ज्यू मूळ सिद्ध’ अशा थाटात मांडला गेला. हे वाचन दुधारी आहे. ‘ज्यू पूर्वज होते’ याचे प्रमाणपत्र म्हणून आज जो निबंध दाखवायचा, त्यातच ‘माता स्थानिक होत्या’ हेही लिहिलेले आहे, आणि उद्या कोणी ते वाक्य चौकशीसाठी काढू शकतो. त्या मातांनी धर्म स्वीकारला असेल, तर धर्मशास्त्राच्या दृष्टीने त्यांची मुले ज्यूच ठरतात. धर्मस्वीकाराची खूण गुणसूत्रावर उमटत नाही. संगणकाला ती कधीच दिसणार नाही.

समाजाच्या आतही एक जुनी रेघ होती. ‘गोरा इस्रायल’ आणि ‘काळा इस्रायल’ असा भेद पाळला जाई; मिश्र संबंधांतून जन्मले असे मानलेल्यांना दुय्यम वागवले जाई. नमुने अठराच आहेत, म्हणून जपून बोलावे लागते. पण संकर साऱ्या समाजाच्या पूर्वजांत मुरलेला असेल, तर शुद्ध रक्ताच्या दाव्याला आधार उरत नाही. माझ्या मते या निबंधाचे सर्वांत मोलाचे फलित हे आहे, आणि त्याची चर्चा सर्वांत कमी झाली. दुसरे उपयोगी फलित आरोग्याचे: थोड्या कुटुंबांतून वाढलेल्या आणि आपसात विवाह करणाऱ्या समाजात, आई-वडील दोघांकडून सदोष जनुक आल्यावरच दिसणारे आजार अधिक आढळण्याचा संभव असतो.

२०१० साली ‘नेचर’मध्ये डोरॉन बेहर आणि सहकाऱ्यांनी जगभरच्या ज्यूंचा जनुकीय नकाशा मांडला होता. त्यात बेने इस्रायल भारतीय समूहांच्या घोळक्यात पडले होते. सहा वर्षांनी दोन्ही वारसे ‘सापडले’. माणसे तीच राहिली, प्रश्न बदलला. एकूण साम्य मोजले की शेजारी जवळ दिसतात. कोणाशी लांब, सलग तुकडे सारखे आहेत हे मोजले की दूरचे नातेवाईकही दिसू लागतात. प्रतिमान विचारलेल्याच प्रश्नाचे उत्तर देते, हे त्याच्या वाचकाने सतत ध्यानात ठेवायला हवे.

इतर विद्याशाखांकडे माहिती नसते तिथे जनुकशास्त्र इतिहासाचे ज्ञान पुढे नेते, असा या निबंधाचा समारोप आहे. तो मला अर्धाच मान्य आहे. आगमनाच्या काळाबद्दल लेखी माहिती नाही, हे खरे. पण १८४६ साली मुंबईत छापलेली मराठी हग्गादा आहे. एलियाहू हन्नाबीच्या नावाने पोहे, नारळ आणि साखरेचा मलिदा आहे. आणि गावोगावची आडनावे आहेत. निबंधात बेने इस्रायल हा एकच गट धरला आहे. पेणकरांचे लांब तुकडे रोहेकरांशी अधिक जुळतात की नवगावकरांशी, असे विचारता आले असते. नवगावहून समाज आत, खाडीच्या काठाकाठाने पेण-रोह्याकडे पसरला असेल, तर अंतराप्रमाणे नाते विरळ होत गेलेले दिसेल. दिसले नाही, तर कथा पुन्हा तपासावी लागेल. असा प्रश्न सुचायला प्रयोगशाळेआधी रायगडचा नकाशा आणि मराठी आडनावांचा ‘कर’ कळावा लागतो. समाजातले बहुतेक लोक आज इस्रायलमध्ये आहेत. जिथे ही आडनावे अजून लावली जातात, तिथे हा प्रश्न विचारणे आजही शक्य आहे. आणखी दोन पिढ्यांनी गाव कोणते होते, हे सांगणारे कोणी उरले नसेल.