दफ्तरातील काळ

मराठी कथेत कारकून पुष्कळ आले. दफ्तर मात्र क्वचितच आले. कारकुनाची गरिबी, त्याचा साहेब, महिनाअखेरची त्याची ओढाताण यांवर आपल्या लेखकांनी बरेच लिहिले. परंतु तो दिवसभर जे कागद हाताळतो, त्यांचे त्याच्या हातून काय होते, हे पाहावेसे फारसे कोणास वाटले नाही. चिं. वि. जोशी स्वतः बडोद्यास राजदफ्तरदार होते. पण वाचकांस ते चिमणरावांचे जनक म्हणूनच ठाऊक आहेत. म्हणून पोर्तुगीज कादंबरीकार जोसे सारामागो यांच्या ‘ऑल द नेम्स’ या १९९७ सालच्या कादंबरीविषयी येथे लिहीत आहोत. ती आम्ही मार्गारेट जल कॉस्टा यांच्या इंग्रजी अनुवादातून वाचली.

नायक जोसे हा जन्म, विवाह व मृत्यू यांची नोंद ठेवणाऱ्या कचेरीतील कनिष्ठ कारकून. त्याच्या घराचे एक दार कचेरीत उघडते. रात्री त्या दाराने आत शिरून तो प्रसिद्ध माणसांची पत्रके उतरून घेतो, आणि एके दिवशी त्यांच्यासोबत एका अनोळखी स्त्रीचे पत्रक चुकून त्याच्या हाती येते. तिचा शोध हीच कादंबरी. शोध संपण्यापूर्वीच त्या स्त्रीने आत्महत्या केलेली असते. पुढे खुद्द कचेरीप्रमुखच त्याला सुचवितो की, तिचे नवे पत्रक कर, त्यात मृत्यूची तारीख घालू नकोस, आणि ते जिवंतांत ठेव. जोसे मृत्यूचा दाखला शोधण्यासाठी घोट्यास दोरी बांधून मृतांच्या अंधाऱ्या दफ्तरात शिरतो, तेथे पुस्तक संपते.

ही निव्वळ कल्पना आहे, असे ज्याने दफ्तर पाहिले आहे तो म्हणणार नाही. पुण्याचे पेशवे दफ्तरच घ्या. मराठेशाहीतील कितीएक पत्रांवर तिथी वा चंद्र असतो, वर्ष नसते. गो. स. सरदेसाई यांनी १९३० ते १९३४ या काळात त्या दफ्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड सिद्ध केले, तेव्हा अशा पत्रांस मजकुरावरून साल लावणे हाही त्या कामाचा एक मोठा भाग होता. साल चुकले की लढाईच्या आधीचे पत्र लढाईनंतरचे ठरते. इतिहासाचा वाचक मात्र त्या अंदाजास काळच समजतो.

भिलाईत असले जुने रुमाल नाहीत. येथील पहिली झोतभट्टी ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते सुरू झाली. शहराचे वय त्याहून फार नाही. तरीही काळ घडविण्याचे काम येथे चालतेच. खेड्यातील शाळेत नाव घालताना जन्मतारीख ठाऊक नसली की गुरुजी १ जून लिहीत. हे आपल्यातील जुन्या मंडळींस सांगावयास नकोच. केंद्र सरकारच्या नोकरीत वयाची साठ वर्षे पूर्ण होतात त्या महिन्याच्या अखेरीस माणूस निवृत्त होतो. पण महिन्याच्या पहिल्या तारखेस जन्मलेला आधल्या महिन्याच्या अखेरीसच. म्हणजे १ जूनचा गृहस्थ ३१ मे रोजी घरी जातो. तारीख दुरुस्त करावयाची तर नोकरीस लागल्यापासून पाच वर्षांच्या आत अर्ज हवा. त्यानंतर गुरुजींचा अंदाज हेच त्या माणसाचे आयुष्य. आम्ही सेवापुस्तके चाळतो तेव्हा जूनच्या त्या पहिल्या तारखांपाशी हात थबकतो.

सारामागोंनी हे मर्म अचूक पकडले आहे. कचेरीतील टेबलांची उतरंड, मृतांची संख्या वाढेल तशी मागे सरकवावी लागणारी भिंत, दफ्तरात हरवलेला वंशावळीचा अभ्यासक हे सारे विनोदी आहे आणि खरेही आहे. सरकारी कचेरीची थट्टा करणारे लेखक बहुधा बाहेरून पाहतात. हा लेखक आत बसला आहे.

परंतु शेवटाशी आमचा वाद आहे. मृत्यूची तारीख गाळण्यास कादंबरी करुणा मानते. एकाकी कारकुनापुरते ते पटते. पण कागदावरील जिवंतपणा वा मरण कोणाच्या तरी जमिनीशी, कोणाच्या तरी भाकरीशी बांधलेले असते. १८५२ च्या कायद्याने बळ मिळालेल्या इनाम कमिशनने जुने कागद तपासून कोणाचे इनाम चालावे, कोणाचे जावे, हे ठरविले. ज्याला आपला हक्क सिद्ध करता आला नाही, त्याचे इनाम गेले. आझमगड जिल्ह्यातील लाल बिहारी यांना जमिनीच्या वादात १९७० च्या दशकात महसुली कागदांत मृत ठरविण्यात आले; पुन्हा जिवंत ठरावयास १९९४ साल उजाडले. जोसेच्या लेखणीचा जो फटका, तोच तेथे उलट बाजूने पडला. लेखणी एकच, आणि ती चालविणाऱ्याच्या मनातील करुणा फायलीत नोंदली जात नाही.

कादंबरीत दफ्तर आहे, कारकून आहे, प्रमुख आहे. खिडकीपलीकडे दाखला मागत उभा असलेला माणूस मात्र फारसा नाही. ही उणीव आम्हांस मोठी वाटते. त्या स्त्रीचे आईबाप हयात आहेत. तिच्या घराची किल्ली जोसेला त्यांच्याकडूनच मिळते. उद्या ते दोघे मुलीच्या मृत्यूचा दाखला मागावयास आले, तर कचेरीतून त्यांना काय मिळणार, हे सारामागो सांगत नाहीत.