साप कुणी ठेवला?

नेवाशात पैस खांब आहे. नगर जिल्हा, कागदोपत्री आता अहिल्यानगर. या खांबाला टेकून ज्ञानेश्वरांनी शके १२१२मध्ये, म्हणजे १२९० साली, ज्ञानेश्वरी सांगितली अशी श्रद्धा आहे. त्यांच्याच नावावर आणखी एक गोष्ट सांगितली जाते. मोक्षपट, म्हणजे आपल्या सापशिडीचं जुनं रूप. ती खरोखर त्यांनीच काढली याला त्या काळातला पुरावा नाही, आज सापडणारे मराठी पट बरेच नंतरचे आहेत. पण वारकरी घरांत ही गोष्ट ठामपणे सांगतात, आणि मला ती खोडण्यापेक्षा खेळण्यात जास्त रस आहे.

कारण 'गेममुळे चिकाटी येते, क्रिएटिव्हिटी वाढते' हे वाक्य आता सगळीकडे ऐकू येतं. आईबाप ओरडले की आपणही तेच तोंडावर फेकतो. वाक्य खोटं नाही, पण कुठल्या गेममुळे आणि कसली चिकाटी, हे कुणी सांगत नाही. ते तपासायला मोक्षपट बरा पडतो.

मोक्षपटात कवड्या टाकायच्या आणि सोंगटी सरकवायची. शिड्या म्हणजे सद्गुण, साप म्हणजे काम, क्रोध, मत्सर वगैरे मंडळी. खेळाडूच्या हातात काहीही नाही. गेम म्हणून बघितलं तर हा मोठाच दोष आहे. कवडी उलटी पडली म्हणून मला क्रोध डसतो, मी मात्र तेव्हा शांतपणे शेंगदाणे खात बसलेलो असतो. उपदेश आहे, पण करण्यासारखं काही नाही.

तरी त्यात दोन गोष्टी अफाट आहेत. एक, इथे पडण्याला नाव आहे. का खाली आलास, ते घरावर लिहिलेलं आहे. दुसरी, जिंकणं म्हणजे खेळातून सुटणं. शेवटचं घर गाठलंस की पुन्हा जन्म नाही, पुन्हा डाव नाही. ७२ घरांच्या ज्ञानचौपडीत तर वैकुंठ शेवटच्या घरात नसतंच, ते ६८व्या घरात असतं. हाव धरल्यासारखे पुढे गेलात तर ७२व्या घरात तमोगुणाचा साप बसलाय, तो उचलून परत पृथ्वीवर आणतो. स्वतःतून खेळाडूला बाहेर काढू पाहणारा खेळ! आजच्या कुठल्या कंपनीच्या मीटिंगमध्ये ही कल्पना पास होईल?

याच्या सगळ्यात जवळ जाणारा गेम मला फोनवर सापडला तो 'गेटिंग ओव्हर इट'. २०१७चा. बनवणारा बेनेट फॉडी तत्त्वज्ञान शिकलेला माणूस. एक उघडा माणूस कमरेपर्यंत कढईत रुतलाय, हातात लांब दांड्याचा हातोडा, आणि समोर डोंगर. हातोडा अडकवत वर चढायचं, बस. मधला टप्पा सेव्ह होत नाही. हात घसरला की तासाभराची चढाई चार सेकंदांत खाली, आणि वर फॉडीचा शांत आवाज पडण्याबद्दल दोन शब्द बोलतो. फोन भिंतीवर मारावासा वाटतो. वरती, शिखर दिसायला लागलं की, खरोखर एक साप आहे. शेजारी पाटीही आहे, यावर बसू नका म्हणून. बसलात तर थेट पायथ्याला.

यात चिकाटी दिसते ती अशी की डोंगर बदलत नाही. काल होता तोच दगड आज तिथेच असतो. म्हणजे आज तुम्ही वर पोचलात तर बदल तुमच्या मनगटात झालेला असतो. पैसे एकदाच द्यायचे, पुढे हिरे नाहीत, नाणी नाहीत. आणि गेम संपतो.

आता बीजीएमआय घ्या. पारावर बसलेली चार पोरं सीझनभर रँक चढवतात. सीझन संपला की रँक खाली येते, सगळ्यांची, चूक कुणाचीच नसताना. हा साप पटावर दिसत नाही, त्याला नाव नाही, आणि तो खेळाडूला शहाणं करायला ठेवलेला नाही. त्याने परत यावं म्हणून ठेवलाय. पुनर्जन्म आहे, मोक्ष नाही. वर सगळी कमाई दुसऱ्याच्या सर्व्हरवर. २ सप्टेंबर २०२०ला पबजी मोबाइलवर बंदी आली, २०२१मध्ये बीजीएमआय आलं, २०२२च्या जुलैत तेही स्टोअरमधून गायब झालं आणि २०२३च्या मेमध्ये परतलं. प्रत्येक वेळी पोरांनी वाट पाहिली. चिकाटी नाही असं कोण म्हणेल? प्रश्न ती कुणाच्या कामी आली हा आहे.

क्रिएटिव्हिटीचंही तसंच. गल्लीत लपंडाव खेळताना लहान भाऊ मागे लागला तर त्याला 'कच्चं लिंबू' करायचं, म्हणजे तो आउट झाला तरी राज्य त्याच्यावर येत नाही. बुटाची लेस सुटली तर 'टाइमप्लीज'. हे नियम पोरांनी पोरांसाठी केले, आणि ते सगळ्यांना माहीत असायचे. बॅटल रॉयलमध्येही नवख्याला कच्चं लिंबू करतात. त्याच्यासमोर बॉट सोडतात, म्हणजे पहिल्याच दिवशी दहा जण मारल्याचा आनंद होतो. फक्त हे त्याला कुणी सांगत नाही. आणि टाइमप्लीज तर नाहीच. मॅचच्या मध्ये आजीने हाक मारली तर एकतर मरायचं किंवा 'आलो' म्हणून खोटं बोलायचं.

म्हणून मला 'राजी' आठवते. नॉडिंग हेड्स या पुण्याच्या छोट्या टीमचा गेम. २०१७मध्ये त्यांनी किकस्टार्टरवर पैसे मागितले, ते उभे राहिले नाहीत. तरी तीन वर्षांनी, २०२०मध्ये, गेम आला. राजी नावाची मुलगी, हरवलेला भाऊ गोलू, आणि डोळ्यांचं पारणं फिटेल अशा भिंती. मारामारी लवकरच एकसुरी होते आणि कथा ऐन रंगात तुटते, हे म्हणायलाच हवं. पण ही चिकाटी वेगळी आहे. कुणीतरी खेळाचा पट स्वतः मांडला.

ऑगस्ट २०२५च्या केंद्राच्या कायद्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली. रमीच्या जाहिराती गेल्या, बरं झालं. पण पैसे न लावताही वेळ लावला जातो, आणि त्यातला साप कायद्याला दिसत नाही.

नेवाशाच्या एखाद्या पोराने आता नवा मोक्षपट काढावा. कवड्यांऐवजी जरा कौशल्य ठेव म्हणावं, नाहीतर आम्ही कंटाळू. सापांची नावं मात्र मी देऊ शकतो. 'फक्त एक मॅच'. 'सीझन परवा संपतोय'. 'स्क्वाड थांबलाय'. आणि सगळ्यात लांब, पार पायथ्याला नेणारा, 'आज लॉगिन केलं नाहीस'.